आम्हीच बिरेक

माहितीपट करणारा एक मित्र खानदेशाचा प्राचीन इतिहास टिपायला निघाला आणि मी त्याच्या गाडीत बसलो. चाळीसगाव तालुक्यात त्याची चंगळ झाली. पाटण्याला सुमारे 25 हजार वर्षांपूर्वी शहामृगाच्या अंड्याच्या कवचावर रेघा कोरणारी माणसं राहत होती. गिरणाकाठच्या बहाळला 1950च्या दशकातल्या उत्खननात ताम्रपाषाणयुगीन वस्ती सापडली. एवढ्या शिदोरीवर तो अमळनेरला उतरला आणि दुपारपर्यंत हिरमुसला.

प्रतापशेठांनी 1916 साली उभं केलेलं तत्त्वज्ञान मंदिर त्याने आदराने पाहिलं. साने गुरुजी तत्त्वज्ञान शिकायला आधी इथे आले, मग 1924 साली गावातल्या शाळेत मास्तर झाले. "सगळं खरं, पण विचार करणाऱ्या माणसाचं शूटिंग कसं करायचं?" तो म्हणाला. प्रश्न रास्त होता. 1945 साली स्थापन झालेल्या विप्रोचा वनस्पती तुपाचा कारखाना, 1952 आणि 2024ची साहित्य संमेलनं ही यादी तर अमळनेरकर झोपेतही म्हणतात.

शेवटी आम्ही बोरी नदीत उतरलो. अक्षरशः उतरलो, कारण पात्रात पाणी नव्हतं. वाळूपेक्षा प्लास्टिकच्या पिशव्या जास्त. संत सखाराम महाराजांची समाधी याच पात्रात आहे आणि वैशाखातली यात्राही इथेच भरते. कोरड्या नदीचा एवढा रंगीत उपयोग मी दुसरीकडे पाहिलेला नाही, म्हणून पाण्याबद्दल कुरकुर करताना जीभ जरा अडखळते.

तिथे एक म्हातारबाबा भेटले. वैशाख शुद्ध एकादशीला गावातून रथ निघतो, त्याला ते तरुणपणी मोगरी लावायचे. मोगरी म्हणजे टणक लाकडाची पाचर. चाकापुढे टाकली की रथ थांबतो. वळवायचा असेल तर एकाच बाजूच्या चाकाला लावायची. ते चाक अडतं, दुसरं पुढे सरकतं आणि एवढं मोठं धूड अरुंद गल्लीत तोंड फिरवतं.

"रथले बिरेक नही शे भाऊ, आम्हीच बिरेक," बाबा म्हणाले. मोगरी टाकणं कुणालाही जमतं म्हणे. "हात मांगे लेता येवाले पाहिजे." आणि त्यांनी दोन्ही पंजे उलटेसुलटे करून दाखवले. दहाही बोटं शाबूत होती. हे त्यांचं प्रशस्तिपत्र!

मित्राने कॅमेरा काढला तो त्या पंजांवरून हलेना. मग म्हणाला, एकदा मोगरी टाकून दाखवा ना. बाबा हसले. रथाशिवाय कशी टाकायची? एकादशीला यायचं.

मित्र मोबाइलमध्ये तारीख शोधू लागला.

"तारीख कसाले?" बाबा म्हणाले. "बोरीमा पाळना लागनात का ये."