मिस्काटोनिक : कथांमधील विद्यापीठ, गणितातील भूमिती

मिस्काटोनिक हे अमेरिकी भयकथाकार एच. पी. लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) यांनी निर्मिलेले काल्पनिक विद्यापीठ असून ते मॅसॅच्युसेट्समधील आर्कहॅम या तितक्याच काल्पनिक नगरात वसले आहे.

‘द ड्रीम्स इन द विच हाउस’ (१९३३) या त्यांच्या कथेतील मिस्काटोनिकचा गणिताचा विद्यार्थी वॉल्टर गिलमन ज्या खोलीत राहतो, तिची उत्तरेकडील भिंत आत कललेली आणि छत त्याच दिशेने उतरते आहे. तो अभ्यासतो ती अयूक्लिडीय भूमिती मात्र खरी आहे : लोबाचेव्हस्की (१८२९) व बोयाई (१८३२) यांनी स्वतंत्रपणे मांडलेल्या तिच्या प्रकारात रेषेबाहेरील बिंदूतून त्या रेषेला एकाहून अधिक समांतर रेषा काढता येतात आणि त्रिकोणाच्या कोनांची बेरीज १८० अंशांहून कमी भरते.

‘द शॅडो आउट ऑफ टाइम’मध्ये (१९३६) याच विद्यापीठातील अर्थशास्त्राचे प्राध्यापक पीस्ली १९०८ ते १९१३ या काळाची स्मृती गमावतात, कारण प्राचीन पृथ्वीवरील एका जीवाने कालप्रवास करून त्यांच्याशी मनाची अदलाबदल केलेली असते.