डोंगरावरचे गालिच्निक

युरोप खंडाच्या आग्नेय कोपऱ्यात बाल्कन नावाचा डोंगराळ मुलूख आहे. तिथे ग्रीस देशाच्या उत्तरेला लागून उत्तर मॅसेडोनिया नावाचा एक लहानसा देश आहे. त्या देशाच्या पश्चिमेला बिस्त्रा नावाचा डोंगर, आणि त्या डोंगराच्या उतारावर गालिच्निक हे गाव. उंची सुमारे १४०० मीटर. घरे दगडी, उंच आणि एकाच्या वर एक. नदीच्या घाटावर पायऱ्यापायऱ्यांनी माणसे बसावीत, तशी ती घरे लांबून दिसतात.

या गावच्या लोकांना मियाक म्हणतात. मूळचा धंदा मेंढ्या पाळण्याचा. आता एवढ्या उंचीवर शेती काय पिकणार? जमीन उताराची, थंडी कडक, बर्फ महिनो महिने. पण उन्हाळ्यात डोंगरावर गवत भरपूर. तेव्हा उन्हाळा डोंगरावर काढायचा आणि हिवाळा आला की कळप घेऊन खाली दक्षिणेला, समुद्राकाठच्या सखल मैदानात जायचे, असा त्यांचा वर्षाचा क्रम होता. आपले धनगर जसे ऋतू पाहून मुलूख बदलतात, तसेच हे.

मेंढीच्या दुधापासून ते काश्कावाल नावाचे चीज करतात. दूध साकळवून गोळा करायचा. त्या गोळ्याचे काप कढत पाण्यात धरायचे. मऊ झाले की कणकेसारखे मळायचे, साच्यात दाबायचे आणि मीठ लावून महिनो महिने मुरू द्यायचे. असा माल दूरच्या बाजारापर्यंत टिकतो. दूध नासते, चीज नासत नाही, ही त्यातली सोय.

पण नुसत्या मेंढ्यांवर सगळ्या गावाचे भागेना. मग पुरुष माणसे परमुलखात कामाला जाऊ लागली. कोणी गवंडी, कोणी लाकडावर नक्षी कोरणारा, कोणी देवाची चित्रे काढणारा. अशा जाण्याला त्यांच्या भाषेत पेचाल्बा म्हणतात, आणि जाणाऱ्याला पेचाल्बार. पेचाल्बा म्हणजे कमाई. पण गंमत बघा, ज्या मुळातून हा शब्द आला, त्याच मुळातून दुःख या अर्थाचाही शब्द आला आहे. ज्या बाईचा नवरा दोन दोन, तीन तीन वर्षे घरी येत नाही, तिला या दोन शब्दांचे नाते वेगळे समजावून सांगायला नको. घर, पोरे, म्हातारी माणसे, गुरे, लोकर कातणे, विणणे, सगळे तिच्याच अंगावर.

या कारागिरांचे हात किती कसबी होते, ते पाहायचे तर स्कोप्ये या राजधानीच्या शहरात जावे. तिथे स्वेती स्पास नावाचे जुने चर्च आहे. चर्चमध्ये मूर्तीऐवजी देवाची चित्रे लावलेली एक मोठी लाकडी भिंत असते. इथली भिंत अक्रोडाच्या लाकडाची आहे. ती १८२४ साली पुरी झाली. गालिच्निकचा माकारिये फ्रच्कोव्स्की आणि शेजारच्या गारी गावचे पेत्रे आणि मार्को फिलिपोव्स्की हे भाऊ, यांनी ती कोरली. वेली, पक्षी, जनावरे, माणसे, सारे लाकडातून उठवलेले. आणि एका कोपऱ्यात, हत्यारे हातात धरून काम करणारे ते स्वतःच! राजाने बांधले, सरदाराने बांधले, असे शिलालेख जागोजाग दिसतात. कोरणाऱ्याने स्वतःला कोरून ठेवावे, हे मला फार आवडले. त्यांनी अशीच दुसरी भिंत गालिच्निकजवळच्या बिगोर्स्की मठात १८२९ ते १८३५ या काळात केली.

याच गावचा आणखी एक माणूस सांगण्यासारखा आहे. त्याचे नाव ग्योर्गी पुलेव्स्की. धंद्याने गवंडी. लिहिणे वाचणे बहुतेक आपल्या आपणच शिकला. तेव्हा त्या मुलखावर तुर्की सुलतानाचे राज्य होते. गावच्या आसपास मॅसेडोनियन, आल्बेनियन आणि तुर्की अशा तीन भाषा कानावर पडत. या गड्याने तिन्ही भाषांचा शब्दकोश तयार केला. तो १८७५ साली बेलग्रेड शहरात छापला. त्यात नुसते शब्द नाहीत, प्रश्न आणि उत्तरे आहेत. एका उत्तरात आपण मॅसेडोनियन हे वेगळे लोक आहोत, असे त्याने छापून टाकले. मोठमोठ्या विद्वानांत ज्या प्रश्नावर वाद चालले होते, त्यावर एक गवंडी आपले मत छापतो आहे! तो वाद अजूनही मिटलेला नाही. पण आपल्या भाषेचा मान शोधताना तिथले लोक या गवंड्याचे पुस्तक आधी उघडतात.

१९१२-१३ साली बाल्कन युद्धे झाली. तुर्की राज्य गेले, आणि जुन्या एका मुलखाचे तीन-चार देशांत वाटप झाले. गालिच्निक सर्बियाकडे गेले, आणि हिवाळी कुरणे ग्रीसकडे. आता मधे सरहद्द, चौकी आणि शिपाई. मेंढीला काय ठाऊक सरहद्द कुठे आहे! वर्षानुवर्षांची वाट बंद पडली. कळप कमी कमी होत गेले. जे कामासाठी बाहेर जाऊन परत येत, ते मग बायकापोरांना घेऊनच जाऊ लागले. पुढे गावचा देश युगोस्लाव्हिया झाला. शहरांत कारखाने निघाले, नोकऱ्या आल्या. १९९१ साली मॅसेडोनिया स्वतंत्र झाला आणि २०१९ साली त्याचे नाव उत्तर मॅसेडोनिया झाले. पण २००२ च्या खानेसुमारीत गालिच्निकमध्ये कायमची राहणारी माणसे निघाली फक्त तीन.

मग एवढे होऊन गाव मेले का? तसे म्हणता येत नाही. पूर्वी पेचाल्बार लोक १२ जुलैच्या सुमाराला, संत पीटरच्या सणाला घरी येत. तेवढ्याच दिवसांत गावातली सगळी लग्ने उरकून घ्यायची. एका दिवशी कित्येक जोडप्यांची लग्ने लागत. आता दर वर्षी त्या सुमाराच्या शनिवार-रविवारी एका जोडप्याचे लग्न जुन्या रीतीने लावतात. झुर्ला आणि तपान वाजतात. झुर्ला म्हणजे आपल्या सनईसारखे, तपान म्हणजे मोठा ढोल. नवऱ्याकडची माणसे कबरींवर जाऊन वाडवडिलांना लग्नाचे आमंत्रण देतात. नवऱ्या मुलाची दाढी चारचौघांत करतात. नवरीला पाणी आणायला झऱ्यावर नेतात. नंतर पुरुष मंडळी तेश्कोतो नाच नाचतात. तेश्कोतो म्हणजे जड, कठीण. सुरुवात इतकी संथ की पाय उचलताना जीव जड झालेला दिसतो, मग हळूहळू ताल वाढत जातो. परमुलखात जाणाऱ्या माणसाचे दुःख या नाचात आहे, असे लोक म्हणतात.

दोन दिवस देशभरातून आणि परदेशातून माणसे येतात. वाडवडिलांची घरे उघडतात, काहींनी छपरे नवीन केली आहेत. उन्हाळाभर थोडी वस्ती राहते. मग पहिला बर्फ पडतो, वाट अवघड होते, आणि बहुतेक घरांना कुलपे लागतात.