‘नरकातलं डुक्कर’ मुळात डुक्करच नव्हतं

प्रागैतिहासिक प्राण्यांवरच्या माहितीपटांत एक अक्राळविक्राळ जनावर हमखास दिसतं. प्रचंड लांब डोकं, गालांच्या हाडांना खाली फुटलेले पसरट पंखे, खालच्या जबड्याला गाठी आणि पुढे जाडजूड सुळे. त्याला ‘नरकातलं डुक्कर’ म्हणतात. शास्त्रीय नाव एन्टेलोडॉन्ट. उत्तर अमेरिका, युरोप आणि आशियात हे प्राणी जवळपास दोन कोटी वर्षं नांदले आणि सुमारे दोन कोटी वर्षांपूर्वी संपले. त्यांच्याविषयी जे सर्रास सांगितलं जातं त्यातलं बरंचसं चुकीचं आहे, आणि चुकीची सुरुवात नावापासूनच होते.

‘हे आजच्या डुकरांचे पूर्वज.’ नाहीत. हा समज का झाला ते मात्र समजण्यासारखं आहे. डोकं अवजड, तोंड लांबट, दाढांवर डुकरासारखे बोथट उंचवटे. पण असे उंचवटे मिश्र आहार घेणाऱ्या अनेक प्राण्यांत असतात, आपल्या स्वतःच्या दाढांवरही आहेत. तेवढ्यावरून नातं ठरत नाही.

त्यापेक्षा पाय पाहावेत. पावसाळ्यात रानडुक्कर चिखलातून गेलं की ठशात पुढे दोन मोठे खूर आणि मागे दोन लहान खुरांच्या खुणा उमटतात, कारण डुकराच्या पायाला चार बोटं असतात. एन्टेलोडॉन्टच्या पायाला कामाची बोटं दोनच. पाय लांब आणि सडपातळ, पुढच्या पायातली दोन हाडं जुळून एकसंध झालेली. ही ठेवण धावणाऱ्या प्राण्याची आहे. डोकं डुकराचं वाटावं आणि पाय हरणाच्या वळणाचे असावेत, असं हे जनावर होतं.

मग नातेवाईक कोण? २००९ साली मिशेल स्पॉल्डिंग, मॉरीन ओ’लिअरी आणि जॉन गेट्सी यांनी जीवाश्मांची वैशिष्ट्यं आणि हयात प्राण्यांची जनुकीय माहिती एकत्र तपासली. त्यांच्या वंशवृक्षात एन्टेलोडॉन्ट डुकरांपासून दूर, पाणघोडा आणि देवमासा यांच्या फांदीजवळ आले. पाणघोड्यालाही पूर्वी डुकरांचाच भाऊबंद मानत असत. त्याचं सर्वांत जवळचं हयात नातं देवमाशाशी आहे, हे जनुकांवरून आता पक्कं झालं आहे.

‘ते निव्वळ शिकारी होते.’ सुळे पाहून असं वाटतं खरं. अमेरिकेतल्या वायोमिंगमध्ये मेंढीएवढ्या आदिम उंटांचे, पोएब्रोथेरियमचे, अर्धवट खाल्लेले सांगाडे एका जागी सापडले. त्यांवरच्या दातांच्या खुणा आर्किओथेरियम या एन्टेलोडॉन्टच्या मानल्या जातात. म्हणजे मांस ते नक्की खात. पण मागच्या दाढा मांस कापणाऱ्या नाहीत, चिरडणाऱ्या आहेत. मांस, मढं, कंदमुळं, फळं असं जे मिळेल ते खाणारा हा प्राणी होता, असं मानणंच दातांना धरून आहे. कवट्यांवर भरलेल्या जखमाही आढळतात. त्यांवरून हे प्राणी आपसांत एकमेकांच्या तोंडाचे चावे घेत असावेत असं दिसतं.

सर्वांत मोठ्यांपैकी एकाचा सांगाडा नेब्रास्कातल्या अ‍ॅगेट इथे मिळाला. कवटी सुमारे ९० सेंटिमीटर, खांद्यापाशी उंची जवळपास सहा फूट. १९०५ साली त्याचं नाव ठेवलं डायनोहायस, म्हणजे ‘भयंकर डुक्कर’. पुढे लक्षात आलं की जीवाश्मतज्ज्ञ कोप यांनी १८७८ साली डीओडॉन नावाने नोंदवलेला प्राणी हाच. जुनं नाव आधी, या नियमाने आज तो डीओडॉन म्हणून ओळखला जातो.

‘चित्रात दिसतो तसाच तो होता.’ इथे सावध राहावं. केस, रंग, कान हे सगळं चित्रकाराच्या अंदाजाचं असतं. अँड्र्यूसार्कस या दुसऱ्या प्रागैतिहासिक प्राण्याचं उदाहरण पुरेसं आहे. १९२३ साली मंगोलियाच्या पठारावर त्याची एक कवटी मिळाली, ८३ सेंटिमीटर लांब, आणि तेवढ्यावरून त्याला वर्षानुवर्षं अजस्र लांडग्यासारखं रंगवलं गेलं. २००९च्या त्याच वंशवृक्षात तो एन्टेलोडॉन्टच्या शेजारी बसला. लांडग्याचा त्याच्याशी काही संबंध नाही.

या गोष्टीचा एक धागा आपल्या देशातून जातो आणि तो प्रत्येक मराठी विद्यार्थ्याला माहीत असायला हवा. जम्मू भागातल्या कालाकोटजवळ भूवैज्ञानिक ए. रंगा राव यांनी खडक गोळा केले. त्यात मिळालेल्या एका लहानशा प्राण्याला त्यांनी १९७१ साली इंडोहायस, म्हणजे ‘भारतीय डुक्कर’ असं नाव दिलं. रंगा राव यांच्या निधनानंतर त्यांच्या संग्रहातले खडक जीवाश्मतज्ज्ञ हान्स थेविसन यांच्या हाती आले. खडक साफ करताना एका कवटीचा कानाचा भाग चुकून तुटला आणि आतल्या हाडाची भिंत जाड निघाली. अशी जाड भिंत देवमाशांच्या कानाची ओळख मानली जाते. २००७ साली हे प्रसिद्ध झालं. मांजरापेक्षा फारसा मोठा नसलेला, उथळ पाण्यात वावरणारा हा खुरांचा प्राणी देवमाशांचा अगदी जवळचा नातलग ठरला.

एकदा नियमाने दिलेलं नाव केवळ चुकीच्या अर्थापायी बदलता येत नाही. त्यामुळे देवमाशाच्या या नातलगाचं नाव पुढेही ‘भारतीय डुक्कर’च राहणार आहे.