आधी पाय, मग हात

शाळा-कॉलेजांत आणि महिला मंडळांत मी स्वसंरक्षणाचे वर्ग घेते. पहिल्याच दिवशी कुणीतरी विचारतंच, "मॅडम, समोरच्याच्या हातातला चाकू हिसकावून कसा घ्यायचा?" माझं उत्तर ठरलेलं आहे: तो शेवटचा धडा. तो वापरायची वेळच येऊ नये, यासाठी आधीचे सगळे धडे आहेत.

मी मूळची ज्युदोची. ज्युदोत 'किमे-नो-काता' नावाचा प्रकार आहे. त्यात खंजिराचे वार ठरलेल्या क्रमाने येतात आणि त्यांचा बचावही ठरलेला असतो. शरीराला शिस्त लावायला हा सराव उत्तम. पण खरा हल्लेखोर एका हाताने केस किंवा कॉलर धरतो आणि दुसऱ्या हाताने भराभर वार करत सुटतो. अनेकदा चाकू अगदी जवळ येईपर्यंत दिसतही नाही.

हे नुसतं सांगून पटत नाही. म्हणून मी लाकडी सुरीला चिंधी गुंडाळून ती ओल्या कुंकवात बुडवते आणि एखादीला जुना पांढरा शर्ट घालायला देते. काही क्षणांतच तिची मनगटं, दंड, पोट लाल होतं. व्हिडिओत पाहिलेली झोकदार पकड बसतच नाही. मग मुली हिसकावण्याचं सोडून पळायचं कसं, हे विचारू लागतात. खरं शिक्षण तिथून सुरू होतं.

अमेरिकेतल्या सॉल्ट लेक सिटीचे पोलीस प्रशिक्षक डेनिस ट्यूलर यांनी १९८३ साली एक हिशेब मांडला. २१ फूट अंतर धडधाकट माणूस साधारण दीड सेकंदात पार करतो. तेवढ्या वेळात प्रशिक्षित पोलिसालाही पिस्तूल काढून झाडणं कठीण. आपल्या घरातली बैठकीची खोली बहुधा याहून लहानच असते. म्हणून संशय आला की लगेच हला. मध्ये टेबल, खुर्ची, उभी स्कूटर, काहीही येऊ द्या. पाकीट किंवा साखळी मागत असेल तर ती एका बाजूला फेका आणि दुसऱ्या बाजूला पळा. घरातलं भांडण पेटलं तर आधी स्वयंपाकघरातून बाहेर पडा, कारण सुऱ्या तिथेच असतात.

पळायचं ते माणसांकडे, आणि "चाकू आहे!" असं ओरडत. जून २०२३ मध्ये पुण्याच्या सदाशिव पेठेत एका तरुणीवर कोयत्याने हल्ला झाला. ती जीव घेऊन पळाली आणि स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणाऱ्या तरुणांनी पुढे होऊन हल्लेखोराला आवरलं, म्हणून ती वाचली.

वाटच बंद असेल तर? हनुवटी छातीकडे ओढा, म्हणजे गळा झाकला जातो. हाताची बाहेरची बाजू पुढे करा. आतल्या बाजूला मोठ्या रक्तवाहिन्या असतात. पात्याच्या मागे लागू नका. चाकू धरलेला हात दोन्ही हातांनी पकडा, तो भिंतीला किंवा स्वतःच्या अंगाला घट्ट दाबून धरा, गुडघ्यांवर लाथा घाला. पकड ढिली पडली की पळा. यात जखम होणारच, असं धरून चाला. जीव वाचवणं हेच ध्येय.

सुटल्यावर सगळं अंग चाचपून बघा. भीतीच्या भरात वार जाणवत नाही. वाहत्या जखमेवर स्वच्छ कापड घट्ट दाबून धरा. ११२ किंवा १०८ लावा. रुतलेलं पातं उपसू नका, कारण त्यानेच रक्त थोपलेलं असू शकतं. जानेवारी २०२५ मध्ये अभिनेता सैफ अली खान यांच्या पाठीत, कण्याजवळ चाकूचा तुकडा रुतला होता. तो डॉक्टरांनी शस्त्रक्रिया करून काढला. पोलिसांच्या कागदपत्रांसाठी जखमीवरचे तातडीचे उपचार थांबवू नयेत, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच बजावलं आहे.

कायदा आपल्या बाजूने आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेची कलमं ३४ ते ४४ खाजगी बचावाचा हक्क देतात. मृत्यूची किंवा गंभीर दुखापतीची रास्त भीती असेल तर हा हक्क हल्लेखोराचा जीव जाण्यापर्यंतही पोहोचतो. मात्र बचावाला लागेल त्याहून जास्त इजा करता येत नाही. धोका टळल्यावर केलेला वार हा बचाव राहत नाही.

क्लास लावण्याआधी शिकवणाऱ्यांना दोन गोष्टी विचारा: पळण्याचा आणि ओरडण्याचा सराव घेता का? समोरचा न थांबता वार करतो, असा सराव घेता का? उत्तर 'नाही' असेल तर दुसरा क्लास शोधा. आणि मुलीबरोबर मुलालाही पाठवा. चाकू दोघांनाही सारखाच कापतो.