पूर्वीच्या सेवेची गणना

जिल्हा परिषदेची नोकरी सोडून शासनाच्या दुसऱ्या पदावर जाणाऱ्या शिक्षकाची अशी समजूत असते की, मागील वर्षे नव्या सेवेस आपोआप जोडली जातील. नियम तसा नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ यांतील नियम ४६ अन्वये राजीनाम्याने पूर्वीची सेवा गमावली जाते. मात्र रीतसर परवानगीने, निवृत्तिवेतनास पात्र अशी दुसरी नेमणूक स्वीकारण्यासाठी दिलेला राजीनामा यास अपवाद होय.

तेव्हा सारा भार राजीनाम्याच्या शब्दांवर येतो. ‘घरगुती कारणास्तव’ हे शब्द निव्वळ सवयीने लिहिले जातात, आणि तेच पुढे निवृत्तीच्या वेळी आड येतात. नव्या पदासाठीचा अर्ज कार्यालयामार्फत गेलेला असावा. त्या पदाचा उल्लेख राजीनाम्यात असावा आणि कार्यमुक्तीच्या आदेशातही उतरावा. दोन पदांमधील खंड पदग्रहण अवधीहून अधिक नसल्यास तो देय रजेत बसवून अथवा रीतसर क्षमापित करून घ्यावा लागतो.

ज्यांची पहिली नेमणूक १ नोव्हेंबर २००५ पूर्वीची आणि दुसरी नंतरची, त्यांचा प्रश्न केवळ चार-दोन वर्षांच्या गणनेचा नाही. त्या दिवसापासून नव्याने सेवेत आलेल्यांना, काही अपवाद वगळता, जुनी निवृत्तिवेतन योजना लागू नाही. पूर्वसेवा अखंड ठरली तरच अशा शिक्षकाचा जुन्या योजनेवरील हक्क टिकतो.

कार्यमुक्त होण्यापूर्वी सेवापुस्तकातील सेवा-पडताळणीच्या नोंदी वर्षवार पाहाव्यात व राहिलेल्या तेथेच करून घ्याव्यात. दुय्यम सेवापुस्तक पुष्कळांजवळ असते, पण अद्ययावत क्वचितच.