खोडी नव्हे, व्याधी

सेनगाव वा कळमनुरीच्या एखाद्या शाळेत नऊ-दहा वर्षांचा मुलगा सारखे डोळे मिचकावतो, खांदा उडवतो, मध्येच घशातून आवाज काढतो. गुरुजी त्यास वर्गाबाहेर उभे करतात. घरी आजी दृष्ट काढते. हा टूरेट नामक मज्जाविकार असू शकेल, हे कोणाच्या ध्यानीही येत नाही.

फ्रेंच वैद्य जिल द ला टूरेट याने १८८५ साली नऊ रुग्णांवरून त्याचे वर्णन केले. शिंकेपूर्वी नाकात हुळहुळते, तशी ऊर्मी आचक्यापूर्वी दाटून येते. ती काही काळ रोखता येते, कायमची नव्हे. आणि नेमके हेच मुलाच्या मुळावर येते! साहेबांसमोर गप्प बसतो, त्या अर्थी एरवी मुद्दामच करतो, असा निवाडा होतो. दटावणीच्या ताणाने तर आचके वाढतातच. तोंडून अपशब्द निघणे हे लक्षण बहुसंख्य रुग्णांत नसते. विनोदी चित्रपटांना मात्र तेच प्रिय. २०१८ च्या 'हिचकी'त निदान राणी मुखर्जीची टूरेटग्रस्त शिक्षिका हास्यास्पद केलेली नाही.

हे आचके साधारणतः दहाव्या-बाराव्या वर्षी तीव्र होतात व पुढे बहुतेकांत ओसरतात. म्हणजे कसोटी ऐन शाळेतच. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातील २१ प्रकारांत टूरेटचे स्वतंत्र नाव नाही. पण दोन मिनिटे वर्गाबाहेर जाण्याची मुभा वा घटक चाचणीस वेगळी खोली देण्यास मुख्याध्यापकांना प्रमाणपत्र कशाला हवे?