खापर नेहमी पंपावरच

ठाण्याच्या वागळे इस्टेटमध्ये रस्त्यांना नावं कमी आणि नंबर जास्त. रोड नंबर १६, २२, २७ असाच पत्ता सांगायचा आणि रिक्षावाल्याने तो समजून घ्यायचा. १ ऑगस्ट १९६२ रोजी एमआयडीसीचा जन्म झाला तो याच वसाहतीत. तेव्हाच्या पत्र्याच्या शेड आता एकेक करून काचेच्या इमारतींना जागा देताहेत. तरी एखाद्या आडगल्लीत ‘पंप-नोझल’ एवढाच मजकूर असलेला, डिझेलच्या हातांनी काळपट झालेला बोर्ड अजून दिसतो. आत एक टेस्ट बेंच, त्यावर ओळीने काचेच्या नळ्या आणि बाहेर टेम्पोंची रांग.

त्या रांगेत उभं राहिलं की एक वाक्य सारखं कानावर पडतं, “पंप गेला वाटतं.” गायमुखच्या चढावर धूर सोडला, पंप गेला. सकाळी सेल मारमारून बॅटरी बसली, पंप गेला. ॲव्हरेज पडलं, पंप गेला. डिझेल इंजिनातला हा सगळ्यात महागडा आणि सगळ्यात कमी समजलेला भाग. आपल्याला न कळणाऱ्यावर खापर फोडणं केव्हाही सोपं!

पहिला घोळ नावातच आहे. पंप म्हटलं की डोळ्यांपुढे विहिरीवरचा पंप येतो, इकडचं पाणी तिकडे ढकलणारा. टाकीतून डिझेल ओढून आणायचं ते काम इंजेक्शन पंपाचं नाहीच. त्याला फीड पंप नावाचा वेगळा, साधा गडी असतो. इंजेक्शन पंपाचं काम मोजण्याचं. थोडा हिशेब करून पाहा. सहा सिलिंडरचं १०० किलोवॉटचं इंजिन पूर्ण ताकदीवर तासाला साधारण २५ लिटर डिझेल पितं. २,२०० फेऱ्यांवर त्या तासात जवळजवळ चार लाख वेळा डिझेल फवारलं जातं. भागाकार केला तर एका फवाऱ्याच्या वाट्याला येतात सुमारे ६० घन मिलिमीटर, म्हणजे ड्रॉपरमधून पडणारा एक थेंब, फार तर थोडा जास्त. इंजिन आयडलवर असेल तर त्या थेंबाचाही पाचवा-सहावा हिस्सा. आणि हा थेंब दोन सहस्रांश सेकंदाच्या आसपास, ठरल्या क्षणी, सहाही सिलिंडरना सारखा मिळाला पाहिजे. सोनाराचा काटा एवढ्या घाईत कधीच चालत नाही.

हे साधतं कसं, ते कळलं की निम्मे गैरसमज आपोआप गळतात. जुन्या इनलाइन पंपात प्रत्येक सिलिंडरसाठी एक ‘एलिमेंट’ असतं. एलिमेंट म्हणजे एक प्लंजर आणि तो ज्यात सरकतो ते बॅरल. होळीची पिचकारीच, पण एका फरकाने. पिचकारीत पाणी कमी हवं असेल तर आपण दट्ट्या कमी दाबतो. इथे खालचा कॅम प्लंजरला दर वेळी तेवढाच वर ढकलतो. स्ट्रोक बदलत नाही. बदलतं ते प्लंजरच्या अंगावरच्या तिरक्या खाचेचं तोंड. प्लंजर वर जाताना बॅरलचं भोक झाकतो, दाब चढतो, डिलिव्हरी व्हॉल्व्ह उघडतो आणि पुढे नोझल फवारा सोडतं. तिरकी खाच भोकापाशी पोचली की दाब एकदम पडतो आणि फवारा तुटतो. ॲक्सिलरेटर दाबला की गव्हर्नरमार्फत रॅक नावाचा दांडा सरकतो, रॅक प्लंजरला स्वतःभोवती जरासा फिरवतो आणि खाच भोकापाशी लवकर किंवा उशिरा येते. एका तिरक्या रेघेवर अख्ख्या ट्रकची ताकद कमी-जास्त होते. मला हे यंत्रशास्त्रातलं फार देखणं डोकं वाटतं.

रुडॉल्फ डिझेलचं इंजिन १८९७ मध्ये यशस्वी झालं, पण त्यात इंधन दाबाखालच्या हवेच्या झोताने आत ढकललं जाई. त्यासाठी वेगळा कॉम्प्रेसर लागायचा, म्हणून ते इंजिन बराच काळ जहाजांत आणि कारखान्यांतच राहिलं. बॉशने १९२७ मध्ये इंजेक्शन पंपाचं उत्पादन सुरू केलं आणि डिझेल रस्त्यावर सर्रास दिसू लागलं. आपल्याकडे १९५१ मध्ये बंगळुरूला मोटर इंडस्ट्रीज कंपनी, म्हणजे ‘मायको’, उभी राहिली. नोझल आणि इंजेक्टर नाशिकच्या सातपूरमध्ये बनू लागले. कंपनीने २००८ मध्ये बॉश हे नाव घेतलं, पण नाशिककर अजून मायको सर्कललाच उतरतात आणि जुने मिस्त्री अजून ‘मायकोचा पंप’च म्हणतात.

आता त्या रांगेकडे परत येऊ. धुराचा टेम्पो घेऊन आलेला पोरगेला ड्रायव्हर आणि बेंचवरचा वयस्क मिस्त्री यांच्यात जे चालतं ते साधारण असं:

“काका, पंप खोला. लई काळा सोडतोय.”

“आधी एअर फिल्टर काढून आण.”

“अहो, धूर पंपाचाय. फिल्टरचा काय संबंध?”

संबंध सरळ आहे. काळा धूर म्हणजे न जळलेला कोळसा. डिझेल जास्त झालं किंवा हवा कमी पडली, दोन्हींचा धूर काळाच. धुळीने बसलेला एअर फिल्टर, टर्बोचा फाटलेला होज, पासिंगपेक्षा जास्त भरलेला माल, ठिबकणारं नोझल हे सगळे पंपाच्या आधीचे संशयित. पांढरा धूर दिसला तर डिझेल न पेटताच वाफ होऊन बाहेर पडतंय. टायमिंग मागे असेल, कॉम्प्रेशन पडलं असेल किंवा इंजिन नुसतं गार असेल. निळसर धूर म्हणजे इंजिन ऑइल जळतंय, त्यात पंपाचा हात क्वचितच. नोझल तपासायला एक हातपंप आणि पाच मिनिटं पुरतात: ठरल्या दाबाला उघडतंय का, फवारा धुक्यासारखा की पिचकारीसारखा, बंद झाल्यावर टोकाला थेंब लोंबतो का. पंप खोलायला अख्खा दिवस जातो. क्रम कोणता हवा हे सांगायची गरज नाही, पण तो पाळतात थोडे.

गाडी सुरूच होत नसेल तरी तसंच. बहुतेक वेळा लाइनमध्ये ‘एअर पकडलेली’ असते. बँजो बोल्टचा तांब्याचा वॉशर दुसऱ्यांदा तसाच बसवला, रबरी नळीला तडा गेला, फिल्टर बदलल्यावर एअर नीट काढली नाही, तर डिझेलऐवजी बुडबुडे पंपात शिरतात. डिझेल दाबलं जात नाही, हवा दाबली जाते. प्लंजर वर-खाली होतो, हवेचा बुडबुडा स्प्रिंगसारखा आक्रसतो आणि पसरतो, नोझल उघडतच नाही. पंप ठणठणीत आणि गाडी मेलेली.

खरोखर झिजलेल्या पंपाची खूण वेगळीच असते आणि ती ड्रायव्हरला माहीत असते, फक्त तिचा अर्थ माहीत नसतो. सकाळी गार असताना गाडी अर्ध्या सेलमध्ये उठते. भिवंडीहून माल टाकून येताना चहाला थांबलात, दहा मिनिटांनी सेल मारला, तर उठता उठत नाही. कारण प्लंजर आणि बॅरल यांच्यात फट असते ती एक ते तीन मायक्रॉन. माणसाचा केस साधारण सत्तर मायक्रॉन जाड. ही फट झिजून वाढली की डिझेल वर जाण्याऐवजी बाजूने खाली पाझरतं. गरम डिझेल पातळ, त्यामुळे पाझर जास्त. त्यात सेलवर इंजिन फिरतं हळू, त्यामुळे पाझरायला वेळही भरपूर. धावत्या इंजिनात तीच गळती लपून जाते. काही जण पंपावर ओलं फडकं टाकतात आणि गाडी सुरू होते. त्यात जादू नाही, डिझेल गार होऊन जरा दाट होतं एवढंच. ओल्या फडक्याने गाडी उठत असेल तर मात्र पंप बेंचवर न्यायला हरकत नाही. दुसरी खूण डिपस्टिकवर: बऱ्याच इनलाइन पंपांचा कॅमबॉक्स इंजिन ऑइलवर चालतो, त्यामुळे पाझरलेलं डिझेल चेंबरमध्ये उतरतं आणि ऑइलची पातळी कमी व्हायच्या ऐवजी वाढते. “आमची गाडी ऑइल खातच नाही” असं कौतुकाने सांगणाऱ्याने ते ऑइल एकदा हुंगून पाहावं.

याच फटीमुळे “बॅरल चांगलं आहे, नुसता प्लंजर टाका” ही मागणी मान्य होत नाही. दोन्ही एकमेकांवर घासून जोडीने तयार होतात आणि जोडीनेच बदलतात. एका पंपातल्या सहा प्लंजरची अदलाबदल केली तरी बिघडतं. चांगला मिस्त्री खोलताना सहा वाट्या मांडतो.

“पंप वाढवून द्या, पिकअप येईल” हा सगळ्यात लाडका गैरसमज. सील तोडून जास्तीत जास्त डिझेलचा स्क्रू अर्धा फेरा फिरवला की चढावर गाडी खरंच जोर करते, म्हणून तो टिकलाय. पण सिलिंडरमधली हवा तेवढीच राहते. जास्तीच्या डिझेलातलं थोडं जळतं, उरलेलं धुरातून जातं, सायलेन्सरचं तापमान चढतं आणि पिस्टनच्या माथ्यावर त्याचा हिशेब होतो. पीयूसीच्या धुराच्या चाचणीत बीएस-४ गाडीला ५० आणि त्याआधीच्या गाडीला ६५ एचएसयूची (धुराच्या गडदपणाचं माप) मर्यादा आहे. वाढवलेला पंप तिथे पकडला जातो. म्हणून काही जण पीयूसीपुरता स्क्रू परत मागे घेतात.

डिझेलबद्दलही एक समज ऐकतो: “बीएस-६चं डिझेल कोरडं आहे, गंधक काढलं म्हणून पंप झिजतात, टाकीत टू-टी ऑइल टाका.” यात अर्धं खरं आहे. नव्वदच्या दशकाच्या मध्यापर्यंत आपल्या डिझेलमध्ये एक टक्क्यापर्यंत गंधक चालत असे. १ एप्रिल २०२० पासून मर्यादा दहा लाख भागांत दहा. पण वंगण गंधकाचं नव्हतंच. गंधक काढायच्या प्रक्रियेत जे दुसरे वंगण देणारे घटक निघून जातात त्यांची भरपाई रिफायनरीत ॲडिटिव्ह घालून करावी लागते. त्यासाठी मानकात चाचणी आहे: डिझेलमध्ये बुडवलेल्या पत्र्यावर स्टीलची गोळी ७५ मिनिटं घासायची, तिच्यावरचा व्रण ४६० मायक्रॉनच्या आत राहिला पाहिजे. म्हणजे पेट्रोल पंपावरच्या चोख डिझेलला तुमच्या टू-टीची गरज नाही, आणि बीएस-६ गाडीच्या धूर गाळणाऱ्या फिल्टरमध्ये त्या ऑइलची राख साचते ती वेगळीच. खरं कोरडं डिझेल म्हणजे रॉकेल मिसळलेलं. इनलाइनऐवजी रोटरी पंप असेल तर त्याला आतून-बाहेरून डिझेलशिवाय दुसरं वंगणच नाही. स्वस्तातला तो कॅन तिथे सगळ्यात महाग पडतो. टाकी पार कोरडी होईपर्यंत गाडी ओढणंही त्याच कारणाने वाईट.

आणि पाणी. कोकणपट्टीच्या हवेत अर्धी रिकामी टाकी म्हणजे दव पडायची जागा. रात्री आतल्या पत्र्यावर थेंब धरतात, तळाला जमतात आणि एक दिवस पंपात पोचतात. मायक्रॉनच्या फटीत गंजाचा एक ठिपका प्लंजर पकडायला पुरतो. वॉटर सेपरेटरखालचा नळ आठवड्याला सोडायचा असतो, हे ज्या ड्रायव्हरला माहीत आहे त्याचा पंप मिस्त्रीला फारसा दिसत नाही.

कॉमन रेल, म्हणजे सगळ्या इंजेक्टरना डिझेल पुरवणारी एकच दाबाची नळी, आल्यावर मात्र जुनं शहाणपणच अंगावर येऊ लागलं. इथे पंप मोजत नाही, फक्त दाब तयार करतो. मोजायचं काम संगणकाच्या हुकमाने इंजेक्टर करतात. त्यामुळे गाडी मिसिंग करत असेल तर पंपाकडे बोट दाखवण्यात अर्थच उरत नाही. पंप आतून झिजून चुरा सोडायला लागला, तर तो चुरा रेल, इंजेक्टर आणि परतीच्या नळीने टाकीपर्यंत फिरतो. नुसता नवा पंप बसवला की काही दिवसांत तोही त्याच वाटेने जातो.

जुन्या गाडीत कोणता सिलिंडर मारत नाही हे शोधायला चालू इंजिनावर एकेका नोझलचा नट ढिला करायची पद्धत होती. कॉमन रेलवर ते कधीही करू नये. कारच्या टायरमध्ये दोन-सव्वादोन बार हवा असते. या रेलमध्ये १,६०० बार आणि त्याहून जास्त दाब असतो, इंजिन बंद केल्यावरही थोडा वेळ राहतो. सुईएवढी धार हातमोजा आणि कातडी भेदून डिझेल बोटाच्या आत सोडते. बाहेरून नुसती टोचल्याची खूण दिसते, सुरुवातीला दुखतही नाही. तरी त्याच तासाला हॉस्पिटल गाठायचं आणि “उच्च दाबाचं डिझेल आत गेलंय” असं स्पष्ट सांगायचं. नाहीतर टिटॅनसचं इंजेक्शन देऊन घरी पाठवतात आणि दुसऱ्या दिवशी बोट वाचवायची वेळ निघून गेलेली असते.

इस्टेटमधला एक पंप मात्र धावून नाही, उभं राहून खराब होतो: इमारतीमागच्या जनरेटरचा. वीज गेली नाही म्हणून महिनोनमहिने कुणी बघत नाही; कुणी बघितलंच तर पाच मिनिटं रिकामा चालवून बंद करतो. तेवढ्यात इंजिन धड तापतही नाही, उलट न जळलेलं डिझेल सायलेन्सरमध्ये साचतं. टाकीत वर्षापूर्वीचं डिझेल, तळाला पावसाळ्याचं पाणी, पंपात गोंदासारखा थर आणि जागच्या जागी चिकटलेला रॅक. रॅक ‘बंद’वर चिकटला तर जनरेटर सुरू होत नाही. ‘पूर्ण’वर चिकटला तर तो सुरू होतो आणि थांबत नाही, फेऱ्या चढतच जातात. महिन्यातून एकदा अर्धा तास, निदान तीस टक्के लोडवर चालवणं, त्याआधी टाकीच्या तळाचं पाणी काढणं आणि टाकी भरलेली ठेवणं, एवढ्यावर हे टळतं. लिफ्ट अडकलेली असताना पंपवाल्याला फोन करून उपयोग नसतो; पंप सोडवायचा, धुवायचा आणि बेंचवर लावायचा म्हणजे त्याला संध्याकाळ होतेच.